देवमाशाचा घोटा आणि ‘गेला’तला ल

जम्मूच्या राजौरी जिल्ह्यात कालाकोट नावाचं गाव आहे. ए. रंगा राव या भारतीय भूशास्त्रज्ञाने तिथून बरेच दगड गोळा केले आणि त्यांतल्या काही जबड्यांवरून आणि दातांवरून १९७१ मध्ये एका छोट्या खुरवाल्या प्राण्याला ‘इंडोह्यूस’, म्हणजे हिंदुस्थानातलं डुक्कर, असं नाव दिलं. उरलेले दगड फोडायचे राहून गेले. राव वारले. दगड त्यांच्या पत्नीने सांभाळून ठेवले आणि बऱ्याच वर्षांनी ते अमेरिकेत देवमाशांच्या उगमाचा अभ्यास करणाऱ्या हान्स थेविसेन यांच्या हाती आले. कवटीवरचा दगड कोरून काढताना तंत्रज्ञाच्या हातून कानाचं हाड मोडलं. अशा वेळी प्रयोगशाळेत शिव्याच बसायच्या. पण मोडलेल्या कडेकडे पाहिल्यावर दिसलं की हाडाची एका बाजूची भिंत कागदासारखी पातळ आहे आणि आतल्या बाजूची चांगली जाडजूड. कानाची अशी घडण तोवर फक्त देवमासे आणि डॉल्फिन यांच्यातच माहीत होती.

म्हणजे सुमारे ४ कोटी ८० लाख वर्षांपूर्वीचा, मांजरापेक्षा थोडा मोठा, हरणासारख्या पायांचा हा प्राणी देवमाशाचा चुलत भाऊ निघाला. २००७ च्या डिसेंबरात हे संशोधन ‘नेचर’मध्ये छापून आलं, त्यात रुरकीचे सुनील बाजपेयीही होते. डीएनए नाही, रक्ताची चाचणी नाही. नातं ठरलं ते हाडाच्या एका जाड कडेवरून.

प्राण्याच्या किंवा वनस्पतीच्या घडणीवरून त्याची वंशावळ लावायची ही पद्धत. जर्मन महाकवी गटे यांना शास्त्राचाही नाद होता. घडणीच्या या अभ्यासाला ‘मॉर्फॉलॉजी’ हे नाव त्यांनीच सुचवलं. मराठीत त्याला आकारविज्ञान म्हणतात. पुढे १८५९ मध्ये आउगुस्ट श्लायखर या जर्मन भाषापंडिताने तोच शब्द भाषेसाठी उचलला. शब्दाचे धातू, प्रत्यय, विभक्ती, लिंग-वचनाची रूपं, थोडक्यात शब्दाचा सांगाडा, तो त्याचा विषय. त्याच वर्षी डार्विनचं ‘ओरिजिन ऑफ स्पीशीज’ बाहेर पडलं. श्लायखर बागकामात रमणारा माणूस होता आणि भाषांचा वंशवृक्ष त्याने डार्विनच्या सहा वर्षं आधीच, १८५३ मध्ये, छापला होता. जीवशास्त्रज्ञ हेकेल याने डार्विनचं पुस्तक त्याला वाचायला लावलं, तेव्हा त्याने १८६३ मध्ये जाहीर पत्राच्या रूपात उत्तर लिहिलं. त्याचा सूर साधारण असा होता, की तुम्ही आज जे म्हणता ते आम्ही भाषेच्या बाबतीत कधीपासून करतो आहोत.

बढाई थोडी होती, पण खोटी नव्हती.

देवमाशाची गोष्ट मात्र अजून अर्धीच सांगून झाली आहे, कारण त्या घराण्यात हाडांनी आधी एकदा चांगलंच फसवलं होतं. १९६६ मध्ये ली व्हॅन व्हेलन या अभ्यासकाने आदिम देवमाशांचे तिकोनी दात पाहिले आणि मेसोनिकिड नावाच्या, खुरं असलेल्या पण मांस खाणाऱ्या, एका नामशेष गटाशी त्यांची सोयरीक जुळवली. दात खरोखरच विलक्षण सारखे होते. तीसेक वर्षं हेच शिकवलं गेलं. १९९० च्या दशकात डीएनए वाचणारे आले आणि म्हणाले, भलतंच काहीतरी. आज हयात असलेल्यांत देवमाशाचा सर्वांत जवळचा नातलग पाणघोडा आहे, म्हणजे तो गाय, बकरी, हरीण, डुक्कर यांच्या समखुरी कुळातला. हाडवाल्यांना हे पटेना. समखुरींची ओळख पटते ती घोट्याच्या एका हाडावरून. त्या हाडाला वर आणि खाली अशी दोन्हीकडे कप्पीसारखी खाच असते. बोकडाच्या पायात ती पाहता येते. प्राचीन ग्रीसमध्ये हीच हाडं फाशांसारखी खेळायला वापरत. आजच्या देवमाशाला मागचे पायच नाहीत, मग घोटा बघायचा कुठे?

तो सापडला बलुचिस्तानात. २००१ मध्ये फिलिप गिंगरिच यांच्या चमूने पाय असलेल्या दोन प्राचीन देवमाशांचे घोटे जाहीर केले. दुहेरी कप्पी स्वच्छ दिसत होती. गिंगरिच स्वतः मेसोनिकिडवाले होते. त्यांनी मत बदललं. त्याच आठवड्यात थेविसेन यांच्या गटानेही पाकिस्तानातल्याच जीवाश्मांवरून तेच सांगितलं. दात सारखे झाले होते ते सारखं अन्न खाल्ल्यामुळे. घोटा सारखा होता तो वारशाने.

इथे एक प्रश्न उभा राहतो आणि तो दोन्ही शास्त्रांना सारखाच छळतो. कुठल्या सारखेपणावर विश्वास ठेवायचा?

भाषेत हा प्रश्न पहिल्यांदा नीट मांडला गेला तो कोलकात्यात. २ फेब्रुवारी १७८६ रोजी एशियाटिक सोसायटीपुढे बोलताना विल्यम जोन्स याने संस्कृत, ग्रीक आणि लॅटिन या भाषांचं मूळ एक असावं असं सांगितलं, आणि पुरावा म्हणून बोट ठेवलं ते क्रियापदांच्या धातूंवर आणि व्याकरणातल्या रूपांवर. नुसत्या शब्दांवर नाही. १८१६ मध्ये फ्रान्झ बोप याने हे काम तडीस नेलं. त्याने संस्कृतची क्रियापदं ग्रीक, लॅटिन, फारसी आणि जर्मन क्रियापदांशेजारी मांडली आणि रूप-रूप जुळवून दाखवलं.

शब्दांवर भिस्त का ठेवायची नाही, हे मराठी माणसाला वेगळं सांगायला नको. शेजारणीकडून वाटीभर साखर आणावी तसे शब्द उसने येतात. कागद, शहर, जमीन, हुकूम, सरकार, दफ्तर हे सगळे फारसीच्या वाटेने आले. हा लोंढा एवढा होता की शिवाजी महाराजांनी रघुनाथ पंडितांकडून ‘राज्यव्यवहारकोश’ करवून घेतला. पण शब्द आले तरी ते मराठी घरात येऊन मराठी चालीने वागू लागले: कागदावर, शहरात, जमिनीचा, हुकुमाने. ‘वर’, ‘त’, ‘चा’, ‘ने’ बाहेरून आणावे लागले नाहीत. नुसते शब्द मोजले असते तर सतराव्या शतकातला एखादा दरबारी मराठी कागद फारसीच्या शाखेवर जाऊन बसला असता. आर्मेनियन भाषेचं खरोखर तसंच झालं होतं. फारसी-इराणी शब्द तिच्यात इतके की युरोपातले पंडित तिला इराणी भाषाच समजत. १८७५ मध्ये हाइनरिख ह्युब्शमान याने उसने शब्द बाजूला काढून उरलेला सांगाडा तपासला. ती एक स्वतंत्र शाखा निघाली.

प्रत्यय कधीच उसने येत नाहीत असं मात्र नाही. ‘पाणीदार’ या शब्दात पाणी आपलं आणि ‘दार’ फारसी आहे. ‘बेभरवशाचा’मधलं ‘बे’ही तिकडचंच. नवे शब्द घडवणारे प्रत्यय असे येतात-जातात. पण क्रियापद चालवणारे आणि विभक्ती लावणारे प्रत्यय सहसा हलत नाहीत. घरात नवं फर्निचर येतं. तुळया कोणी शेजाऱ्याकडून आणत नाही.

त्यातही सर्वांत भरवशाचा पुरावा म्हणजे विनाकारण असलेला विक्षिप्तपणा. ‘तो जातो’, पण ‘तो गेला’. ‘जा’चा ‘जाला’ का होत नाही? लहान मुलं कधीकधी तसं म्हणूनही पाहतात आणि मोठी माणसं हसतात. कारण इथे दोन वेगळे संस्कृत धातू एकमेकांना चिकटले आहेत: वर्तमानकाळात ‘या’ आणि भूतकाळात ‘गम्’. हिंदीत जाता–गया, गुजरातीत जाय–गयो, बंगालीत जाय–गेलो. कन्नडमध्ये मात्र ‘होगु’ या एकाच धातूचं ‘होद’ होतं. भाषेला या जोडकामाची काही गरज नव्हती. म्हणूनच मुंबईत, सुरतेत आणि कोलकात्यात माणसं जाताना एका धातूने जातात आणि गेल्यावर दुसऱ्याने गेलेली असतात, यामागे योगायोग नसून एक समान आजी असणार, असं म्हणता येतं. फ्रेंच भाषापंडित आंत्वान मेये याचं हे आवडतं सूत्र होतं. त्याचं उदाहरण शाळेत संस्कृत शिकलेल्या कोणालाही कळेल: अस्ति–सन्ति, लॅटिनमध्ये एस्त–सुन्त, जर्मनमध्ये इस्ट–झिंट. एकवचनात आरंभीचा स्वर आहे, अनेकवचनात तो गळतो. हजारो मैलांवरच्या भाषांनी हीच खोड जपली आहे.

देवमाशाच्या कानाची जाड कडही या जातीची आहे. आजच्या देवमाशाला पाण्याखाली ऐकायला तिचा उपयोग होत असेलही, पण इंडोह्यूस तर चार पायांवर चालत होता.

आता थोडा उलटा विचार. रूप तेच, पण काम बदललेलं असलं तर? १८४३ मध्ये रिचर्ड ओवेन या इंग्रज शरीरशास्त्रज्ञाने याला ‘होमॉलॉजी’ म्हटलं. वेगवेगळ्या प्राण्यांत, वेगवेगळ्या आकारांत, वेगवेगळी कामं करणारा, पण मुळात एकच असलेला अवयव. माणसाचा हात, चिचुंद्रीसारखं बीळ खणणाऱ्या मोलचा पंजा, घोड्याचा पुढचा पाय, डॉल्फिनचा पर आणि वटवाघळाचा पंख या सगळ्यांत दंडाचं एक हाड, पुढे दोन, मग मनगट, मग बोटं. डार्विनने या यादीचा उपयोग उत्क्रांतीचा पुरावा म्हणून केला. ओवेन त्यामुळे खूश झाला नाही. तो शेवटपर्यंत डार्विनच्या विरोधात राहिला. आपल्याच हत्याराने आपला गड पडावा तसं झालं.

या हाताची भाषिक आवृत्ती रोजच्या बोलण्यात आहे. संस्कृतात ‘कर्तव्य’ म्हणजे करायचं आहे ते. त्यातला ‘-तव्य’ हा प्रत्यय प्राकृतात झिजून ‘-अव्व’सारखा झाला आणि पुढे निरनिराळ्या भाषांत निरनिराळ्या कामाला लागला. मराठीत ‘करावं’ म्हणताना त्यात सल्ला आहे, इच्छा आहे, थोडं कर्तव्यही शिल्लक आहे. गुजरातीत ‘करवुं’ म्हणजे नुसतं करणं. शब्दकोशात क्रियापद याच रूपाने देतात. बंगालीत ‘कोरबो’ म्हणजे मी करीन, भोजपुरी-अवधीत ‘करब’. एकाच हाडाचा इकडे पंजा झाला, तिकडे पर झाला. कोलकात्याच्या माणसाने ‘कोरबो’ म्हटलं की काम होईलच असं नाही, पण व्याकरणाच्या दृष्टीने त्याने वचन दिलेलं असतं. पुणेकराने ‘करावं’ म्हटलं की त्याने फक्त दुसऱ्याला सल्ला दिलेला असतो.

याच्या उलट जात म्हणजे बहुरूपी. टास्मानियातला थायलेसिन लांडग्यासारखा दिसे: तसंच डोकं, तसेच दात. शेवटचा ज्ञात थायलेसिन १९३६ मध्ये होबार्टच्या प्राणिसंग्रहालयात मेला. प्रत्यक्षात थायलेसिन हा कांगारूसारखा, पोटाला पिशवी असलेला प्राणी. प्राणिशास्त्राच्या परीक्षेत त्याची कवटी कुत्र्याची म्हणून ओळखणारे विद्यार्थी कमी नव्हते. फरक सांगणारी खूण म्हणजे टाळूच्या हाडातली दोन ठळक भोकं. भाषेतही असे बहुरूपी भेटतात. ऑस्ट्रेलियातल्या म्बाबारम या आदिवासी भाषेत कुत्र्याला ‘डॉग’ म्हणत. इंग्रजीशी संबंध शून्य. दोन्ही शब्द आपापल्या वाटेने झिजत त्याच उच्चाराला पोचले.

पण सर्वांत गंमतशीर जोडी मराठी आणि रशियनची आहे. ‘देणे’चा भूतकाळ मराठीत दिला, दिली, दिलं. रशियनमध्ये दाल, दाला, दालो. पुल्लिंग, स्त्रीलिंग, नपुंसकलिंग, तिन्हीकडे ‘ल’. नवशिक्या माणसाला वाटेल, झालं, मॉस्को आणि मिरज सख्खे भाऊ. यातलं निम्मं खरं आहे. ‘दा’ हा धातू दोन्हीकडे एकाच वारशाने आला आहे. पण भूतकाळाच्या कामाला लागलेला ‘ल’ दोघांनी वेगवेगळा कमावला. संस्कृतात भूतकाळी विशेषण ‘-त’ किंवा ‘-न’ लावून होई: गत, दत्त, भिन्न. मराठीतला ‘ल’ त्यानंतरचा आहे. प्राकृतात विशेषणांना शेपटासारखा लागणारा ‘-इल्ल’ या जुन्या रूपांना चिकटला आणि मग शेपूटच मुख्य झालं. रशियनमधला ‘ल’ स्लाव भाषांच्या घरात वाढला. वागणंही वेगळं आहे: रशियनमध्ये देणाऱ्याचं लिंग दिसतं, मराठीत दिलेल्या वस्तूचं. जीवशास्त्रात हेच उदाहरण पक्षी आणि वटवाघूळ यांचं. त्यांचे पंख हात म्हणून एकमूळ आहेत, पंख म्हणून नाहीत. पक्ष्याने पिसं लावली, वटवाघळाने बोटांमध्ये कातडं ताणलं.

यापुढची पायरी कळायला दोन्ही शास्त्रांना वेळ लागला. सारखेपणा खरा असला, वारशाने आलेला असला, तरीही तो निरुपयोगी असू शकतो. माणसाला पाच बोटं, सरड्याला पाच बोटं, घोड्याच्या पायाला एकच. म्हणून माणूस सरड्याच्या जवळचा आणि घोड्यापासून लांबचा ठरत नाही. पाच बोटं ही सगळ्यांच्या खापरपणजोबाची ठेव आहे. दोघांनी सांभाळली, घोड्याने गमावली. नातं जवळचं ठरतं ते जुनी ठेव दोघांकडे आहे म्हणून नाही, तर एखादी नवी गोष्ट दोघांत मिळून घडली आहे म्हणून. जर्मन कीटकतज्ज्ञ विली हेनिग याने हा नियम १९५० च्या ग्रंथात काटेकोरपणे मांडला. त्याचा बराचसा कच्चा खर्डा त्याने महायुद्धाच्या अखेरीस इटलीत युद्धकैदी असताना लिहिला होता. १९६६ मध्ये पुस्तक इंग्रजीत आलं आणि जीवशास्त्राचा कायापालट झाला. पण भाषेच्या क्षेत्रात कार्ल ब्रुगमान याने तोच नियम १८८४ मध्येच सांगून ठेवला होता. दोन खोल्यांच्या मधल्या दारावर सहासष्ट वर्षं कोणी टकटक केली नाही.

या नियमाने एक आवडता मराठी युक्तिवाद कोसळतो. मराठीत तीन लिंगं आहेत, हिंदीत दोन. कोकणी आणि गुजरातीतही तीन. तेव्हा या तिघी एका घरच्या, असं सहज म्हटलं जातं. तिघींचं नातं जवळचं असेलही, पण नपुंसकलिंगावरून ते सिद्ध होत नाही. नपुंसकलिंग संस्कृतपासून चालत आलेली पाच बोटं आहेत. हिंदीने एक छाटलं, इतकंच. आणखी मागे गेलं तर गोष्ट वेगळंच वळण घेते. आजच्या तुर्कस्तानात साडेतीन हजार वर्षांपूर्वी बोलली जाणारी हित्ती भाषा १९१५ मध्ये बेडरिख ह्रोझनी याने उलगडली. तिच्यात नपुंसकलिंग आहे, पण पुल्लिंग आणि स्त्रीलिंग असा वेगळा भेदच नाही. बऱ्याच अभ्यासकांचं मत असं, की या कुळात स्त्रीलिंग हीच नंतरची भर आहे आणि ती पडण्याआधीच हित्तीची शाखा फुटली. काहीजण म्हणतात, हित्तीने ते गमावलं. नवं काय आणि जुनं काय हे ठरवताना भांडण संपत नाही, पण निदान भांडायचं कशावरून ते कळलेलं आहे.

आता ‘ल’कडे परत यायला हवं. तो जुना नाही, नवा आहे, म्हणजे उपयोगाचा. इ. स. ७७९ मध्ये राजस्थानातल्या जालोर इथे उद्द्योतनसूरी या जैन मुनीने ‘कुवलयमाला’ हा प्राकृत ग्रंथ पुरा केला. त्यात बाजारात जमलेल्या देशोदेशीच्या व्यापाऱ्यांच्या बोलण्याच्या लकबी टिपल्या आहेत. मराठ्यांच्या तोंडी घातलेले दोन्ही शब्द ‘ल’चेच: दिण्णले आणि गहियल्ले. दिले, घेतले. सव्वाबाराशे वर्षांपूर्वी परक्या माणसाला मराठी बोलणं ओळखू येत होतं ते या प्रत्ययावरून, असाच त्याचा अर्थ. जीवाश्म याहून ताजा कुठून आणायचा?

मग या ‘ल’ची सोयरी कोण? बंगाली गेलो, ओडिया गला, भोजपुरी गइल, असमिया, मैथिली. पूर्वेकडच्या सगळ्या भाषा. मधल्या हिंदीत गया. भाषापंडित हर्न्ले याने १८८० मध्ये आणि पुढे भारतीय भाषांची पाहणी करणाऱ्या ग्रिअर्सनने यावरून आणि अशाच इतर खुणांवरून सिद्धान्त मांडला, की आर्यभाषांची एक बाहेरची कडी आहे आणि मराठी त्या कडीत बंगालीची बहीण लागते. १९२६ मध्ये सुनीतिकुमार चटर्जी यांनी तो खोडून काढला. गुजरातीतही ‘करेलुं’ आहे, सिंधीतही ‘ल’ आहे. हा प्रत्यय प्राकृतात सगळीकडे पडलेला होता, ज्याने त्याने उचलला. वाद पुढेही चालू राहिला; फ्रँकलिन साउथवर्थ यांनी २००५ मध्ये जुन्या सिद्धान्ताची बाजू पुन्हा घेतली. खरी अडचण अशी, की भाषा झाडाच्या फांद्यांसारख्या एकदाच फुटून कायमच्या दूर जात नाहीत. श्लायखरच्याच शिष्याने, योहानेस श्मिट याने, १८७२ मध्ये गुरूच्या झाडाला शह दिला: बदल पाण्यावरच्या तरंगांसारखे पसरतात, शेजारच्या भाषेतही शिरतात.

त्याचा नमुना सांगलीजवळच्या कुपवाडला मिळाला. जॉन गंपर्झ आणि रॉबर्ट विल्सन यांनी १९७१ मध्ये छापलेल्या निबंधात तिथल्या कन्नड, मराठी आणि उर्दू बोलण्याची तुलना आहे. कित्येक पिढ्या एकाच गावात नांदून या भाषांची वाक्यं इतकी सारखी झाली होती की एका भाषेतलं वाक्य तुकड्याला तुकडा लावून दुसरीत उतरवता येई. तरी शब्द आणि प्रत्यय बहुतेक आपापलेच राहिले. कोणी फक्त वाक्यरचना पाहिली असती तर कुपवाडची उर्दू द्राविडी ठरली असती. प्रमाण मराठीतही ‘आम्ही’ आणि ‘आपण’ हा भेद आहे: ऐकणारा वगळून आणि ऐकणारा धरून. ही दृष्टी द्राविडी शेजाराची मानतात, पण दोन्ही शब्द घरचेच आहेत. साचा परका, माल आपला.

ही सगळी चिकित्सा हल्ली संगणकावर चढते ती एका तक्त्याच्या रूपात. आडव्या ओळींत प्राणी किंवा भाषा, उभ्या स्तंभांत लक्षणं. लक्षण असलं तर १, नसलं तर ०, हाड तुटलं असलं किंवा शिलालेख फुटला असला तर प्रश्नचिन्ह. मग कोणता वृक्ष या तक्त्याला सर्वांत चांगला जुळतो ते गणित सांगतं. २०१३ मध्ये सस्तन प्राण्यांच्या ८६ जातींचा, हयात आणि नामशेष धरून, ४,५४१ लक्षणांचा तक्ता ‘सायन्स’मध्ये आला. भाषेतला हिशेब फार गरीब. डॉन रिंग, टॅंडी वॉर्नो आणि ॲन टेलर यांनी २००२ मध्ये इंडो-युरोपीय कुळातल्या २४ भाषांसाठी ३७० लक्षणं जमवली. त्यांत रूपांची फक्त १५. पण त्या १५ लक्षणांना त्यांनी शब्दांच्या ३३३ लक्षणांहून जास्त मान दिला, आणि ते योग्यच होतं. एका वर्षाने रसेल ग्रे आणि क्वेंटिन ॲटकिन्सन यांनी ८७ भाषांचे केवळ शब्द घेऊन या कुळाचं वय ७,८०० ते ९,८०० वर्षं काढलं. आकडा वर्तमानपत्रांत गाजला, व्याकरणवाल्यांना मानवला नाही.

तक्त्यात ० आणि १ भरणारा हात मात्र माणसाचाच असतो. पुढचा पाय लांब झाला आणि बोटंही लांब झाली, ही दोन लक्षणं की एक? मराठीत क्रियापदाला लिंग आहे आणि विशेषणालाही आहे, हे दोनदा मोजायचं का? दोन तज्ज्ञ एकाच कवटीसमोर बसले तरी तक्ते जुळत नाहीत. डीएनएच्या अक्षरांना हा आजार नाही, म्हणून तीसेक वर्षांपूर्वी हाडं मोजणाऱ्यांचे दिवस भरले असं बोललं जाऊ लागलं. प्रत्यक्षात जगातला सर्वांत जुना वाचता आलेला डीएनए ग्रीनलंडच्या गोठलेल्या मातीतला, सुमारे २० लाख वर्षांचा. इंडोह्यूस त्याच्या चोवीसपट जुना. त्याच्याकडे विचारायला हाडांखेरीज काही नाही.

आणि हाडं अजूनही चकवतात. देवमाशाच्या पोटात, कण्यापासून सुटी, कमरेची दोन छोटी हाडं तरंगत असतात. पायच नाहीत तर कंबर कशाला, म्हणून पिढ्यान्‌पिढ्या ती निरुपयोगी अवशेषांच्या यादीत होती. डार्विनने अशा अवशेषांना लिहिण्यात टिकलेल्या पण उच्चारातून गेलेल्या अक्षरांची उपमा दिली होती. पण नराच्या जननेंद्रियाचे स्नायू या हाडांना जोडलेले असतात, आणि २०१४ मध्ये लक्षात आलं, की ज्या जातींत माद्यांसाठी चुरस जास्त, तिथे ही हाडंही मोठी.

मराठीची अशी कमरेची हाडं म्हणजे सामान्यरूप. ‘देव’ला ‘ला’ लावताना मधे ‘देवा-’ होतं. हा ‘आ’ म्हणजे ‘देवस्य’सारख्या जुन्या विभक्तीरूपाचा झिजलेला तुकडा, प्राकृतात ‘देवस्स’, मग ‘देवास’, मग नुसता ‘देवा’. अर्थ कधीच गेला, पण प्रत्यय अडकवायला खुंटी म्हणून तो राहिला. फारसी शब्दांनाही ही खुंटी बसली, जुन्या इंग्रजी शब्दांनाही: टेबलावर, बँकेत. नव्या शब्दांना ती बसत नाही. लॅपटॉपवर, मोबाइलवर, इंटरनेटवर. ‘लॅपटॉपावर’ कोणीच म्हणत नाही. तक्ता भरायला बसलं तर टेबल १, लॅपटॉप ०. ‘स्टेशनावर’ आणि ‘स्टेशनवर’ दोन्ही कानावर येतात, कधीकधी एकाच माणसाच्या तोंडून. त्या चौकोनात सध्या प्रश्नचिन्ह घालावं लागेल.